चालणारा ठिपका: सोलापुरात बसून लघुग्रह शोधायचे, नावं समजून घ्यायची आणि दीर्घिकांपर्यंतचं अंतर मोजायचं

ऑगस्टमधली दुपार होती, बाहेर भुरभुर पाऊस. शाळेच्या संगणक खोलीत पडद्यावर आकाशाच्या एकाच तुकड्याचे चार फोटो एकामागून एक फिरत होते. शेकडो तारे, सगळे जागच्या जागी. नववीतल्या एका मुलीने पडद्यावर बोट ठेवलं आणि म्हणाली, "सर, हा ठिपका चालायलाय बघा." मी वाकून पाहिलं. मोहरीच्या दाण्याएवढा राखाडी ठिपका प्रत्येक फोटोत डावीकडे तेवढाच सरकत होता. तो लघुग्रह आधीच सापडलेला निघाला, त्याला क्रमांकही मिळालेला होता. तरी त्या दुपारनंतर ती मुलगी दर शनिवारी सगळ्यांच्या आधी येऊन बसायला लागली.

माझे वडील चादरीच्या कारखान्यात तयार माल तपासायला होते. मी लहानपणी डबा घेऊन गेलो की ते मला शेजारी उभं करायचे आणि सांगायचे, "नक्षी बघत बसू नको, नक्षी कुठं मोडली ते बघ." लघुग्रह शोधणं म्हणजे नेमकं हेच. पुढे दीर्घिकांच्या, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारख्या ताऱ्यांच्या प्रचंड समूहांच्या, अंतरांचा अभ्यास सुरू केला तेव्हा जाणवलं की तिथेही हीच नजर लागते. दोन नोंदी घ्यायच्या, त्यांतला फरक पकडायचा, तो फरक नेमका मोजायचा. सोलापुरात, बार्शीत, मंगळवेढ्यात बसून हे खरोखर करायची इच्छा असलेल्यांसाठी ही वाट मी पायरीपायरीने लिहितो आहे.

आधी गच्ची

पडद्यापाशी बसण्याआधी एक लघुग्रह स्वतःच्या डोळ्यांनी सरकताना पाहा, हा माझा आग्रह आहे. त्यासाठी १०×५० ची साधी द्विनेत्री दुर्बीण पुरते.

सोलापूरचा अक्षांश सुमारे १७.७ अंश उत्तर. बहुतेक लघुग्रह क्रांतिवृत्ताच्या आसपास, म्हणजे राशींच्या पट्ट्यात सापडतात, आणि आपल्याकडे हा पट्टा डोक्यावरून जातो. डिसेंबर-जानेवारीत प्रतियुतीला आलेला, म्हणजे सूर्याच्या बरोबर समोरच्या बाजूला असलेला लघुग्रह वृषभ-मिथुनेत मध्यरात्री जवळजवळ माथ्यावर असतो. जूनमध्ये प्रतियुतीला येणारा वृश्चिक-धनूकडचा लघुग्रहसुद्धा इथून दक्षिणेला ४९ अंशांपर्यंत चढतो. लंडनहून तोच जेमतेम १५ अंशांवर दिसतो. एवढी चांगली जागा आपल्याला आयती मिळाली आहे.

हवामानही साथ देतं. ऑक्टोबर ते मार्च आकाश स्वच्छ, एप्रिल-मे धुळकट पण वापरण्याजोगं, आणि पावसाचे चार महिने दुर्बीण झाकून ठेवायची. शहराच्या दिव्यांपासून सुटायचं असेल तर तुळजापूर रस्त्याने हिप्परगा तलाव मागे टाका किंवा बार्शी रस्त्याने नान्नजच्या बाजूला जा. माळढोकच्या अभयारण्याच्या हद्दीत रात्री शिरू नका, ओळखीच्या शेतावर बसा. हुरड्याच्या दिवसांत तर निमंत्रणं असतातच. आगटीचा उजेड डोळ्यांवर येणार नाही अशा बाजूला दुर्बीण लावायची, एवढंच सांभाळायचं.

सुरुवातीला व्हेस्टा निवडा. साधारण साडेसोळा महिन्यांनी तो प्रतियुतीला येतो आणि तेव्हा सहाव्या प्रतीच्या आसपास उजळतो. प्रत म्हणजे तेजाचं माप, आकडा जितका लहान तितकं तेज जास्त. स्टेलॅरियम या मोफत सॉफ्टवेअरमध्ये सोलापूर हे ठिकाण टाकलं की तो कुठल्या ताऱ्याजवळ आहे ते कळतं. वहीत दुर्बिणीच्या दृश्याएवढं वर्तुळ काढा, दिसतील ते सगळे तारे ठिपक्यांनी मांडा, वेळ लिहा. दोन-दोन दिवसांच्या अंतराने आणखी दोन वर्तुळं काढा. नकाशात पाहून वर्तुळ काढू नका, आकाशात पाहून काढा. तिसऱ्या चित्रात एक ठिपका बाकीच्यांना सोडून गेलेला दिसेल. १ जानेवारी १८०१ च्या रात्री पालेर्मोच्या वेधशाळेत जुझेप्पे पिआझींनी सेरेसची, म्हणजे सर्वांत आधी सापडलेल्या लघुग्रहाची, पहिली नोंद केली ती याच पद्धतीने. एक तारा यादीतल्या जागेवर राहीना, म्हणून त्यांनी त्याचा पाठलाग केला.

मग पडदा: शोधमोहिमेत सामील व्हा

स्वतःच्या दुर्बिणीने नवा लघुग्रह सापडणं आज फार अवघड आहे. आतापर्यंत चौदा लाखांहून अधिक लघुग्रहांची नोंद झाली आहे, आणि हौशी दुर्बिणीच्या टप्प्यात येणारे जवळजवळ सगळे त्यात आले आहेत. चिलीतल्या व्हेरा रुबिन वेधशाळेने जून २०२५ मध्ये पहिली चित्रं दाखवली, तेव्हा सुमारे दहा तासांच्या निरीक्षणांत २,१०४ नवे लघुग्रह सापडल्याचं सांगितलं. या वेगाशी आपली स्पर्धा नाही. पण मोठ्या दुर्बिणींचे फोटो तपासायला माणसांचे डोळे अजून लागतात, आणि तिथे आपल्याला दार उघडं आहे.

ते दार म्हणजे इंटरनॅशनल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सर्च कोलॅबोरेशन, थोडक्यात आयएएससी. हवाईतल्या हालेआकाला पर्वतावरच्या पॅन-स्टार्स दुर्बिणीचे फोटो ही संस्था शाळा-कॉलेजांना आणि हौशी गटांना विनामूल्य देते. या दुर्बिणीचा आरसा १.८ मीटरचा आहे. मोहीम साधारण महिनाभर चालते. गट करून, एक प्रमुख ठरवून इंटरनेटवर अर्ज करायचा. फोटो हवाईतले असल्यामुळे सोलापुरात पाऊस असला तरी काही बिघडत नाही. म्हणूनच आम्ही मुद्दाम पावसाळ्यातली मोहीम घेतो.

काम कसं चालतं ते नीट सांगतो, कारण अनेक गट इथेच घाईने चुकतात.

अ‍ॅस्ट्रोमेट्रिका नावाचं सॉफ्टवेअर विंडोजवर चालतं आणि मोहिमेपुरतं फुकट वापरता येतं. एका संचातले चार फोटो त्यात उघडले की ते फोटोतले तारे गाइया उपग्रहाच्या यादीतल्या ताऱ्यांशी जुळवून घेतं. ही जुळणी झाल्यावर फोटोतल्या कुठल्याही ठिपक्याचे विषुवांश आणि क्रांती, म्हणजे आकाशातला पत्ता, एका विकलेहूनही बारीक मिळतो. विकला म्हणजे एका अंशाचा ३,६०० वा भाग. जुळणी फसली तर पुढचं सगळं फुकट जातं, म्हणून ताऱ्यांवर पडलेली वर्तुळं खरोखर ताऱ्यांवर बसली आहेत ना, हे आधी डोळ्यांनी पाहा.

मग चारही फोटो आळीपाळीने फिरवा. पूर्ण चौकट एकदम बघायची नाही. ती मोठी करून, वरच्या डाव्या कोपऱ्यापासून पट्ट्यापट्ट्याने खाली या, चादर उलगडत तपासावी तशी. एका संचाला आमची मुलं अर्धा तास देतात. पाच मिनिटांत संच उरकणाऱ्याच्या नजरेतून फिकट ठिपके हमखास निसटतात.

हलणारं काही दिसलं की चार प्रश्न विचारा. चारही फोटोंतल्या जागा एका सरळ रेषेत आहेत का? दोन जागांमधलं अंतर वेळेच्या प्रमाणात आहे का? तेज साधारण सारखं आहे का? आणि ठिपका शेजारच्या ताऱ्यांसारखा गोल, कडेला विरत जाणारा आहे का? एकाच चौकोनी कणात, म्हणजे पिक्सेलमध्ये, चमकणारा टोकदार ठिपका हा कॅमेऱ्याचा दोष असतो किंवा विश्वकिरणाचा मारा. मुलांना तो फार फसवतो, कारण तो खऱ्या लघुग्रहापेक्षा ठळक दिसतो. खरा नवा लघुग्रह बहुतेक वेळा इतका फिकट असतो की तो आहे की नाही यावर दोघांचा वाद होतो.

शेवटी ज्ञात लघुग्रहांची यादी फोटोवर चढवा. आपल्या ठिपक्याभोवती चौकट आली तर तो जुना, नाही आली तर त्याला गटाची तीन अक्षरं आणि चार आकडे असं तात्पुरतं नाव द्या, चारही फोटोंत त्याच्यावर टिचकी मारून मोजमाप घ्या आणि अहवाल पाठवा. ज्ञात लघुग्रहांचीही मोजमापं पाठवायची, ती कक्षा सुधारायला उपयोगी पडतात.

स्वतःची दुर्बीण असेल तर

२०० मिलिमीटरची परावर्ती दुर्बीण, तिला धरून फिरणारा भक्कम आधार आणि कृष्णधवल कॅमेरा एवढ्यावर अठराव्या प्रतीच्या आसपास पोचता येतं. नवा शोध लागला नाही तरी नुकत्याच सापडलेल्या, पृथ्वीजवळून जाणाऱ्या लघुग्रहांचा पाठपुरावा करता येतो, आणि त्याची खरोखर गरज असते. अमेरिकेतल्या केंब्रिजचं मायनर प्लॅनेट सेंटर अशा वस्तूंची यादी रोज प्रसिद्ध करतं. आधी त्यांच्याकडून वेधशाळेचा तीन अक्षरी क्रमांक मिळवावा लागतो. त्यासाठी परिचित, क्रमांक मिळालेल्या लघुग्रहांची एकापेक्षा जास्त रात्रींची मोजमापं पाठवायची. ती विकलेच्या आत जुळली तर तुमची गच्ची जगाच्या यादीत येते.

एका फोटोला किती वेळ द्यायचा, हा प्रश्न सगळे विचारतात. मंगळ-गुरू दरम्यानचा लघुग्रह प्रतियुतीच्या वेळी तासाला सुमारे ३४ विकला सरकतो, म्हणजे मिनिटाला अर्ध्या विकलेच्या थोडं वर. आपल्या हवेत ताऱ्याचा ठिपका तीनेक विकलांचा पसरतो. त्यामुळे एक-दोन मिनिटांच्या फोटोत लघुग्रह लांबट होत नाही. पृथ्वीजवळून धावणाऱ्यांना मात्र काही सेकंदच द्यायचे.

वेळेची नोंद हा या कामाचा कणा आहे. संगणकाचं घड्याळ इंटरनेटवरून किंवा जीपीएसवरून सेकंदापर्यंत जुळवा. अहवालात फोटो सुरू झाल्याची वेळ लिहीत नाहीत, मधल्या क्षणाची लिहितात, आणि तीही जागतिक वेळेत, दिवसाच्या दशांशात. १८ जानेवारी २०२५ ला रात्री सव्वानऊचा फोटो म्हणजे जागतिक वेळ १५:४५. त्याला २४ ने भागलं की ०.६५६२५. नोंद झाली २०२५ ०१ १८.६५६२५. माझी पहिली मोजमापं परत आली होती ती इथेच चुकून. रात्री दोनला काढलेल्या फोटोंवर मी १९ तारीख टाकली होती. साडेपाच तास वजा केले की जागतिक वेळेत ती १८ तारखेची रात्र होती. एका दिवसाच्या चुकीने लघुग्रह पाव अंश दूर जाऊन बसला. तेव्हापासून वहीच्या प्रत्येक पानाच्या माथ्यावर दोन्ही तारखा आधी लिहितो, मग दुर्बिणीचं झाकण काढतो.

नाव कसं पडतं

एका रात्रीच्या निरीक्षणावर शोध मानला जात नाही. तीच वस्तू दुसऱ्या रात्रीही दिसावी लागते. त्यानंतर मायनर प्लॅनेट सेंटर तिला तात्पुरतं नामनिर्देशन देतं. ही पद्धत आपल्याला चटकन कळते, कारण ती पंधरवड्यांवर बसवलेली आहे. वर्षाचे चोवीस पंधरवडे, जानेवारीचा पहिला ए, दुसरा बी, फेब्रुवारीचा पहिला सी, असं डिसेंबरच्या दुसऱ्या पंधरवड्याला वाय येतो. आय हे अक्षर गाळलेलं आहे. दुसरं अक्षर त्या पंधरवड्यातला अनुक्रम सांगतं. तिथेही आय नसल्यामुळे २५ अक्षरं. ती संपली की पुढे आकडा लागतो आणि फेरा पुन्हा सुरू होतो.

२०२५ च्या सुरुवातीला बातम्यांत गाजलेला २०२४ वायआर४ घ्या. वाय म्हणजे १६ ते ३१ डिसेंबर. आर हे सतरावं अक्षर. ४ म्हणजे २५ चे चार पूर्ण फेरे, शंभर. म्हणजे त्या पंधरवड्यातली ११७ वी वस्तू. तो सापडला २७ डिसेंबर २०२४ ला. पृथ्वीवर आदळण्याची शक्यता सुरुवातीला तीन टक्क्यांच्या वर गेली होती. पुढची मोजमापं येत गेली तशी ती मिटली. धोका आहे की नाही हे ठरवलं ते विकलांच्या नोंदींनी.

कायमचा क्रमांक मिळायला कक्षा पक्की व्हावी लागते. त्यासाठी साधारण चार प्रतियुतींची निरीक्षणं लागतात, म्हणजे पाच-सहा वर्षं सहज जातात. क्रमांक मिळाल्यावर शोधकाला नाव सुचवण्यासाठी दहा वर्षं मिळतात. नाव जास्तीत जास्त १६ अक्षरांचं, रोमन लिपीत मोजलेलं, शक्यतो एका शब्दाचं, उच्चारता येणारं आणि आधीच्या नावांशी गोंधळ न होणारं हवं. राजकीय किंवा लष्करी कारणाने प्रसिद्ध व्यक्ती असेल तर मृत्यूनंतर शंभर वर्षं थांबावं लागतं. जाहिरातीची नावं चालत नाहीत. अंतिम निर्णय आंतरराष्ट्रीय खगोल संघटनेची नामकरण समिती घेते.

या यादीत आपली माणसं आहेत. १८६१ मध्ये मद्रासच्या वेधशाळेतून नॉर्मन पॉगसन यांना ६७ क्रमांकाचा लघुग्रह सापडला आणि आशिया खंडातून लागलेला पहिला शोध म्हणून त्याचं नाव एशिया ठेवलं गेलं. १९८८ मध्ये तमिळनाडूतल्या कावलूरहून राजमोहन यांनी शोधलेला ४१३० रामानुजन झाला. ३००१२८ क्रमांकाला पंडितजसराज हे नाव आहे, एका शब्दात जोडलेलं. पंडितजींची जन्मतारीख २८ जानेवारी १९३०. क्रमांकाच्या दोन-दोन आकड्यांच्या जोड्या करून त्या उलट क्रमाने वाचून पाहा.

एक गोष्ट कळकळीने सांगतो. आमच्या ओळखीच्या एका पालकांनी मुलीच्या वाढदिवसाला इंटरनेटवरून ताऱ्याचं नाव विकत घेतलं, चौकटीतलं प्रमाणपत्रही आलं. त्या नावाला जगातली कुठलीही वेधशाळा मानत नाही. ताऱ्याचं, लघुग्रहाचं, दीर्घिकेचं, कुठलंच नाव विकत मिळत नाही. त्या पैशांत चांगली द्विनेत्री आली असती.

लघुग्रहाचं अंतर

आधी पराशय हातात बसवून घ्या. आपण जागा बदलली की जवळची वस्तू मागच्या दृश्यापुढे सरकलेली दिसते, तोच पराशय. गच्चीच्या एका टोकावरून दूरच्या मोबाइल टॉवरचा फोटो काढा, टॉवरच्या मागे क्षितिजावर काहीतरी दूरचं येईल असं बघा. मग दहा मीटर सरकून दुसऱ्या टोकावरून तसाच फोटो घ्या. मागच्या दृश्याच्या तुलनेत टॉवर जितके अंश सरकला त्याने ५७३ ला भागा, टॉवरचं अंतर मीटरमध्ये मिळेल. १.१५ अंश सरकला, म्हणजे दोन पूर्णचंद्रांहून थोडा जास्त, तर टॉवर सुमारे ५०० मीटरवर. मुलं हे करतात आणि मग रस्त्याने चालत जाऊन पडताळतात. तो शनिवार मला फार आवडतो.

लघुग्रहासाठी गच्ची लांब करावी लागते. श्रीनगरचा एखादा मित्र आणि तुम्ही एकाच क्षणी एकाच लघुग्रहाचा फोटो काढलात, तर पाया सुमारे १,८०० किलोमीटरचा. लघुग्रह दीड कोटी किलोमीटरवर असेल तर दोन फोटोंत त्याची जागा २५ विकलांनी वेगळी येईल. हिशेब सोपा आहे. किलोमीटरमधल्या पायाला २,०६,२६५ ने गुणा आणि विकलांनी भागा.

मित्र नसेल तर पृथ्वीच मदत करते. सोलापूर तासाला सुमारे १,६०० किलोमीटर वेगाने पूर्वेकडे फिरत असतं. संध्याकाळी लघुग्रह उगवल्यावर आणि पहाटे मावळण्याआधी त्याला पाहिलं, तर तुम्ही स्वतःच हजारो किलोमीटर सरकलेले असता. अडचण ही की तेवढ्या वेळात लघुग्रहही सरकतो. म्हणून त्याच वेळेला दुसऱ्या रात्रीही मोजायचं. चोवीस तासांतली चाल ही त्याची आणि पृथ्वीच्या परिभ्रमणाची. ती वजा केल्यावर रात्रीच्या आत जी डगमग उरते ती सोलापूरच्या फिरण्याची. सूर्याएवढ्या अंतरावरच्या, म्हणजे एक खगोलीय एकक दूर असलेल्या लघुग्रहाला ती मध्यापासून आठेक विकला असते. जितकी जास्त, तितका तो जवळ. इरॉस हा लघुग्रह १८९८ मध्ये सापडला, आणि तो जवळून गेला तेव्हा १९००-०१ आणि १९३०-३१ मध्ये जगभरच्या वेधशाळांनी याच तत्त्वाने सूर्याचं अंतर पक्कं केलं. आज ते एकक १४,९५,९७,८७०.७ किलोमीटर असं ठरवून दिलेलं आहे.

याहून झटपट अंदाज हवा असेल तर चाल बघा. प्रतियुतीच्या वेळी पृथ्वी आतल्या मार्गावरून वेगाने लघुग्रहाला मागे टाकते, त्यामुळे तो उलटा सरकताना दिसतो. जितका दूर, तितका सावकाश. केप्लरच्या नियमावरून आणि कक्षा गोल धरून मी काढलेले आकडे असे आहेत: सूर्यापासून २.२ खगोलीय एककांवरचा लघुग्रह तासाला सुमारे ४० विकला सरकतो, २.७ वरचा ३४, ३.२ वरचा ३०, गुरूच्या कक्षेतले ट्रोजन २०, आणि नेपच्यूनपलीकडचा, ४० एककांवरचा, जेमतेम ३. शाळेतल्या त्या मुलीच्या ठिपक्याने चार फोटोंत, पाऊण तासात २५ विकला अंतर कापलं होतं. तासाला ३३. तिने लगेच सांगितलं की तो मंगळ-गुरूमधल्या लघुग्रहांच्या पट्ट्याच्या मधोमध आहे. यादी उघडून पाहिलं तर खरंच तिथेच होता. लांबट कक्षेच्या लघुग्रहाला हा अंदाज चुकतो, त्याला पुरेशा रात्रींची निरीक्षणं घेऊन पूर्ण कक्षाच काढावी लागते. सेरेस सूर्याच्या तेजात हरवला तेव्हा गाउस या जर्मन गणितज्ञाने पिआझींच्या मोजक्या नोंदींवरून त्याची कक्षा काढली, आणि वर्ष संपता संपता तो सांगितलेल्या जागेजवळ पुन्हा सापडला.

दीर्घिका

दीर्घिकांना माणसांची नावं द्यायची रीत नाही. यादीचं नाव आणि क्रमांक, किंवा यादीचं नाव आणि आकाशातला पत्ता, एवढंच. देवयानीतली दीर्घिका मेसिएच्या यादीत एम३१, आणि ड्रेयरच्या १८८८ च्या ७,८४० नोंदींच्या यादीत एनजीसी २२४. खास असली तर संशोधक टोपणनाव देतात. पुण्याच्या आयुका आणि आयसर या संस्थांतल्या शास्त्रज्ञांनी २०१७ मध्ये मीन राशीच्या दिशेला सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षांवरचा दीर्घिकांचा महासमूह जाहीर केला आणि त्याला सरस्वती म्हटलं. पुण्याच्याच एनसीआरए या रेडिओ खगोलशास्त्राच्या संस्थेतल्या संशोधकांनी जेम्स वेब दुर्बिणीच्या चित्रांत सापडलेल्या फार दूरच्या सर्पिल दीर्घिकेला अलकनंदा हे नाव दिलं.

नवी दीर्घिका हौशी माणसाला सापडते का? क्वचित. इटलीतल्या जुझेप्पे दोनातिएल्लो यांनी छोट्या दुर्बिणीने देवयानीच्या भागाचे खूप लांब वेळेचे फोटो एकत्र केले, आणि २०१६ मध्ये त्यांत एक फिकट बटू दीर्घिका दिसली. तिला त्यांचंच नाव मिळालं. गॅलेक्सी झू या संकेतस्थळावर २००७ पासून सामान्य माणसं दीर्घिकांचे आकार ओळखून देतात. हिरवट वाटाण्यासारख्या दीर्घिकांचा एक नवा प्रकार तिथेच लोकांच्या लक्षात आला. मोबाइलवरूनही हे काम करता येतं. सुरुवात इथून करा.

अंतरासाठी मात्र पराशय इथे उपयोगाचा नाही, दीर्घिका फारच दूर. मग ज्याचं खरं तेज माहीत आहे असा दिवा शोधायचा. १९१२ मध्ये हेन्रिएटा लेविट यांनी दाखवलं की सेफीड जातीचा रूपविकारी तारा जितका सावकाश उजळतो-मंदावतो, तितका तो मुळात तेजस्वी. ऑक्टोबर १९२३ मध्ये एडविन हबल या अमेरिकी खगोलशास्त्रज्ञांनी माउंट विल्सनच्या शंभर इंची दुर्बिणीने एम३१ चा फोटो घेतला आणि जुन्या फोटोंशी ताडून पाहिला. नवतारा, म्हणजे अचानक उजळलेला तारा, म्हणून खूण केलेला एक ठिपका आधीच्या फोटोंत कधी तेजस्वी, कधी मंद होता. त्यांनी काचेवरची खूण खोडली आणि तिथे रूपविकारी असं लिहिलं. पुन्हा तेच, दोन फोटोंतला फरक.

त्या ताऱ्याचा आवर्तकाल ३१.४ दिवस. आजच्या सूत्राने त्याची निरपेक्ष प्रत, म्हणजे ३२.६ प्रकाशवर्षांवरून दिसेल ती, उणे ५.३ च्या आसपास येते. आकाशात त्याची सरासरी प्रत समजा १९.२ भरली. फरक साडेचोवीस. दर पाच प्रतींच्या फरकाला अंतर दहापट, या नियमाने साडेचोवीस प्रती म्हणजे सुमारे ८०,००० पट, आणि ३२.६ ला तेवढ्याने गुणलं की साधारण २६ लाख प्रकाशवर्षं. आज मानलं जाणारं अंतर २५ लाख आहे. हबल यांचं उत्तर ९ लाखांच्या आसपास आलं होतं, कारण तेव्हा सेफीडचे दोन प्रकार आहेत हे माहीत नव्हतं. तरीही ही वस्तू आपल्या आकाशगंगेच्या बाहेर आहे हे तेवढ्याने सिद्ध झालं. नोव्हेंबरच्या मध्यात रात्री साडेनऊच्या सुमारास सोलापुरातून एम३१ उत्तरेला ६६ अंश उंच असते. शर्मिष्ठेच्या जास्त टोकदार कोनातून महाश्वाच्या चौकोनाकडे जात राहिलात की द्विनेत्रीत लांबट धूसर डाग सापडेल.

फार दूर गेलं की सेफीड दिसेनासे होतात, तिथे एक-ए प्रकारचे अतिनवतारे, म्हणजे ताऱ्यांचे प्रचंड स्फोट, कामी येतात. त्यांचं शिखरतेज सुमारे उणे १९.३. २०११ मध्ये सप्तर्षीजवळच्या एम१०१ मध्ये असा स्फोट झाला आणि तो दहाव्या प्रतीपर्यंत उजळला, लहान दुर्बिणीतही दिसला. फरक २९.३, त्यावरून अंतर २ कोटी ३६ लाख प्रकाशवर्षं. मान्य अंतर २ कोटी १० लाखांच्या आसपास आहे. गच्चीवरच्या हिशेबाला एवढी चूक चालते. आणि असे स्फोट कोणीही टिपू शकतो. २०१४ मध्ये एम८२ मधला अतिनवतारा लंडनच्या विद्यापीठ वेधशाळेत विद्यार्थ्यांना दुर्बीण शिकवताना सापडला. आवडत्या पंधरा-वीस दीर्घिका ठरवा, दर स्वच्छ रात्री फोटो घ्या आणि जुन्याशी ताडून पाहा.

शेवटची पायरी ताम्रसृतीची, म्हणजे दूर जाणाऱ्या दीर्घिकेचा प्रकाश लाल बाजूला किती सरकला ते मोजण्याची. कॅमेऱ्यापुढे प्रकाशाचा वर्णपट पाडणारी जाळी बसवली की २०० मिलिमीटरच्या दुर्बिणीतूनही कन्या राशीतला ३सी २७३ हा क्वेसार मोजता येतो. त्याची प्रत सुमारे १३. दीर्घिकेच्या गाभ्यातलं हे तेज आहे. प्रयोगशाळेत ४८६.१ नॅनोमीटरवर असणारी हायड्रोजनची बीटा रेषा त्याच्या वर्णपटात ५६३ च्या जवळ सापडते. ५६३ भागिले ४८६.१, वजा एक, म्हणजे ०.१५८. मार्टेन श्मिट यांना १९६३ मध्ये हाच आकडा मिळाला होता. त्याला प्रकाशाच्या वेगाने गुणलं की सेकंदाला ४७,००० किलोमीटर. दर ३२.६ लाख प्रकाशवर्षांना सुमारे ७० किलोमीटर या हबलच्या प्रमाणाने भागलं की ढोबळ २२० कोटी प्रकाशवर्षं येतात. विश्वाच्या प्रसरणाचा नीट हिशेब धरला की आकडा थोडा बदलतो. अल्फा रेषेच्या नादी लागू नका. ती सरकून बरोबर ७६० नॅनोमीटरवर येते आणि तिथे आपल्याच हवेतल्या ऑक्सिजनचा काळा पट्टा बसलेला असतो.

एप्रिलच्या मध्यात कन्येतला तो भाग रात्री साडेअकराच्या सुमारास ७४ अंशांवर असतो. जाळी घेऊन ठेवली आहे. ती मुलगी आता दहावीत आहे, तिची परीक्षा मार्चमध्ये संपते. मग आम्ही हिप्परग्याच्या पलीकडे, तिच्या मामांच्या शेतावर दुर्बीण लावणार आहोत.